एका कबरीपलीकडचं खुलदाबाद

खुलदाबाद म्हटलं की हल्ली एकाच कबरीवर वाद सुरू होतो. वाद घालणाऱ्यांपैकी किती जण ते गाव फिरलेत? मीही वर्षानुवर्षं दर्ग्यात फातेहा पढून वेरूळची लेणी बघायला निघून जायचो. गाव पाहिलं ते फार उशिरा.

खुलदाबादला औरंगजेबाच्या काळातला तट आहे. त्याच्या एका दरवाजाचं नाव नगारखाना, दुसऱ्याचं कुणबी आळी! आत सूफी बुऱ्हाणुद्दीन गरीब (निधन १३३७) यांचा दर्गा आहे. समोर जैनुद्दीन शिराजींच्या आवारात औरंगजेबाची उघड्या आभाळाखालची साधी कबर. तिची संगमरवरी जाळी खूप नंतरची. आणि गावाबाहेर मलिक अंबरचा घुमट. हा गुलाम म्हणून विकला गेलेला हबशी निजामशाहीचा वजीर झाला. १६२४ मध्ये भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्याच बाजूने लढले. दोन वर्षांनी तो वारला.

हा इतिहास दख्खनचा, म्हणजे आपल्या सगळ्यांचा आहे. तो एका कबरीत कोंबू पाहणाऱ्यांना उत्तर द्यायचं, तर आधी आपल्याला तो माहीत हवा. जुन्या चुन्याच्या भिंतींवर ऑइलपेंट फासणारे आणि चकचकीत टाइल्स बसवणारे हात बऱ्याचदा आपलेच असतात, हेही कबूल करू या.

दोस्तांनो, एक रविवार काढा. आपापल्या गावातल्या वेशी, बारव, मशिदी बघा. बुजुर्गांकडून त्यांची नावं विचारून घ्या आणि मराठीत लिहून ठेवा. घोषणेपेक्षा ही नोंद जास्त टिकेल.