बंदी झाली, पुनर्वसनाचं काय?

प्रति,
माननीय गृहमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई



डान्सबारचा विषय निघाला की आमच्या सातारा-सांगलीकडं अजूनही पहिलं नाव येतं ते आर. आर. आबांचं. तासगाव तालुक्यातल्या अंजनीचा हा माणूस २००५ मध्ये उपमुख्यमंत्री आणि गृहमंत्री असताना बारमालकांच्या विरोधात उभा राहिला, तेव्हा इकडच्या बायकांनी त्यांना मनापासून दुवा दिला. पाटण खोऱ्यातले पुरुष पिढ्यान् पिढ्या मुंबईला गेले. कोणी गिरणीत, कोणी गोदीत, कोणी माथाडीत. पाठीवर पोती वाहून मिळवलेला पैसा गावी यायच्या आधीच बारमध्ये उडाला, तर इकडं चूल कशी पेटणार? ती तक्रार खरी होती आणि आबांची तळमळही खरी होती. त्यांच्याविषयीचा आदर मनात ठेवूनच हे पत्र लिहिते आहे.

माझं म्हणणं बंदीनंतरच्या वर्षांबद्दल आहे.

या धंद्यात जागा मालकाची, परवाना मालकाचा, दारूचा नफाही मालकाचा. नाचणाऱ्या बाईला बहुतेक ठिकाणी ठरलेला पगारच नसे. गिऱ्हाइकानं उधळलेल्या पैशांतला वाटा तिला मिळे आणि उरलेला मालक ठेवून घेई. तिचं नाव कुठल्या हजेरीपटावर नव्हतं, भविष्य निर्वाह निधीच्या खात्यावर तर नव्हतंच. त्यामुळे १५ ऑगस्ट २००५ च्या सुमारास मुंबई पोलीस अधिनियमातली ३३अ आणि ३३ब ही नवी कलमं लागू होऊन नाच थांबला, तेव्हा तिच्याकडं दाखवायला एक कागद नव्हता. मालकांनी तेच दिवे, तीच टेबलं ठेवून ऑर्केस्ट्रा बार सुरू केले. त्याच कायद्यानं तीन तारे आणि त्याहून वरची हॉटेलं, क्लब, जिमखाने यांना मोकळं सोडलं होतं. श्रीमंतांपुढचा नाच चालेल आणि गरिबांपुढचा चालणार नाही, हे कोणत्या नीतीत बसतं, याचं उत्तर सरकारला शेवटपर्यंत देता आलं नाही. उच्च न्यायालयानं १२ एप्रिल २००६ ला ती बंदी रद्द केली आणि १६ जुलै २०१३ ला सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल कायम केला.

त्या खटल्याचं शीर्षक 'महाराष्ट्र राज्य विरुद्ध इंडियन हॉटेल अँड रेस्टॉरंट्स असोसिएशन' असं आहे. मालकांकडं संघटना होती, वकील होते, आठ वर्षं लढत राहण्याइतका पैसा होता. वर्षा काळे यांच्या भारतीय बारगर्ल्स युनियननं बायकांची बाजू न्यायालयात नेली, याबद्दल त्यांचे आभारच मानले पाहिजेत. पण शेवटचा निकाल येईपर्यंत नाच बंदच राहिला; ती आठ वर्षं त्या बायकांनी काय खाल्लं असेल? बंदीमुळे ७५ हजारांहून अधिक स्त्रियांचा रोजगार गेला, असा आकडा सर्वोच्च न्यायालयाच्या निकालात आहे. त्यांतल्या कित्येकींना देहविक्रीकडं वळावं लागलं, हेही तिथं नोंदलं आहे. बंदीपेक्षा या स्त्रियांची सुरक्षितता आणि कामाची स्थिती सुधारा, असं न्यायालयानं शासनाला सुचवलं होतं. त्यावर २०१४ मध्ये विधिमंडळानं पुन्हा बंदीच आणली. तिला स्थगिती मिळाली, मग २०१६ चा नवा कायदा आला आणि १७ जानेवारी २०१९ ला त्यातल्याही अनेक अटी न्यायालयानं काढून टाकल्या.

महोदय, डिसेंबर २०२१ मध्ये पोलिसांनी अंधेरीतल्या एका बारवर छापा घातला. मेकअपच्या खोलीतला आरसा फोडला, तर मागं चोरखोली निघाली आणि तिच्यात १७ बायका कोंडून बसवलेल्या होत्या. २०१६ च्या कायद्याच्या नावातच स्त्रियांच्या प्रतिष्ठेचं रक्षण हे शब्द आहेत, आणि तो होऊन पाच वर्षं झाल्यावरची ही गोष्ट. मला त्या रात्री झोप लागली नाही. परवान्याचं काय झालं, मालकावर कोणती कलमं लागली, याच्या बातम्या आल्या. त्या १७ जणी पुढं कुठं गेल्या, याची बातमी माझ्या वाचनात आली नाही.

कोयनानगरच्या बाईनं मुंबईच्या बारमधल्या बायकांविषयी का लिहावं, असं आपल्याला वाटेल. कारण सरकारनं सार्वजनिक हिताच्या नावाखाली उठवलं आणि पुढचं पाहिलं नाही, तर काय होतं ते आम्ही भोगलं आहे. १९६४ मध्ये कोयना धरण पुरं झालं. शिवसागर जलाशयाखाली गावं गेली आणि माणसं कोणी सांगली-सोलापूरकडं, कोणी रायगड-ठाण्याकडं पांगली. प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा महाराष्ट्रानं केला तो १९७६ मध्ये, म्हणजे आम्ही उठल्यावर. २०१८ मध्ये, धरणाला अर्धशतक उलटून गेल्यावर, श्रमिक मुक्ती दलाच्या झेंड्याखाली म्हातारी माणसं इथंच ठिय्या देऊन बसली होती. त्यांच्याकडं निदान सातबाऱ्याचे जुने उतारे होते. बारमधल्या बाईकडं तेही नाही, आणि तिची बाजू घ्यायला गावातलं कोणी पुढं येत नाही. तिला लाज वाटावी अशी व्यवस्था आपण सगळ्यांनी मिळून केली आहे.

नाच अश्लील होता की नव्हता, या वादात मला पडायचं नाही. माझ्या मुलीनं तिथं काम करावं असं मला वाटणार नाही, हे मी स्पष्ट सांगते. पण म्हणून तिथं काम करणाऱ्या दुसऱ्या कुणाच्या मुलीचा हिशोब बुडवायचा हक्क मला मिळत नाही, आणि शासनालाही मिळत नाही.

२०१९ च्या निकालानंतरही एक अट शाबूत आहे. बाईशी लेखी करार करायचा आणि तिचा मोबदला बँक खात्यात जमा करायचा. ही अट पाळली जाते का, हे तपासायला नवा कायदा लागत नाही. राज्यात आज किती परवाने आहेत, किती करार दाखल झाले, किती खात्यांत पैसे जमा होतात, हे विधिमंडळाच्या येत्या अधिवेशनात सभागृहापुढं ठेवा. छाप्यात सापडलेल्या बायकांना आरोपींच्या रांगेत उभं करू नका. २००५ मध्ये विशीत असलेल्या मुली आज चाळिशीत आहेत. त्यांची गणना महिला व बालविकास विभागाकडून करून घ्या आणि त्यांच्या पुनर्वसनासाठी स्वतंत्र तरतूद करा. तिचा खर्च बारच्या परवाना शुल्कातून वसूल करा.

आपली नम्र,
कोयनानगरची एक रहिवासी