बाईचे राहणे कोणाच्या नावावर?

'स्थानिक कोण' हा वाद कॉलेजप्रवेशासाठी कोर्टात वर्षानुवर्षे चालू आहे. १९८४ मध्ये प्रदीप जैन खटल्यात सर्वोच्च न्यायालय म्हणाले, भारतीयाचा अधिवास एकच, भारताचा. तरी एमबीबीएससाठी रहिवासाची अट मर्यादा घालून ठेवलीच. जानेवारी २०२५ मध्ये चंदीगडच्या प्रकरणात पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेशातले रहिवासावरचे आरक्षण घटनाबाह्य ठरले. पण मैत्रिणींनो, बाईचे राहणे मोजायचे कोणाच्या कागदावर, हे कोणी विचारते का?

१९२५ चा भारतीय वारसा कायदा पाहा. बायकोचा अधिवास नवऱ्याचा, औरस मुलाचा बापाचा. आईचा अधिवास मिळतो तो फक्त अनौरस मुलाला! ही कलमे प्रवेशाला लागू नाहीत, हिंदू-मुसलमानांना तर नाहीतच. वृत्ती मात्र खिडकीपलीकडच्या कारकुनापर्यंत पोचली आहे.

परित्यक्ता बायकांबरोबर मी तहसील कचेरीत जाते. रेशनकार्ड नवऱ्याच्या नावावर, लाइटबिल भावाच्या, खोलीच्या भाड्याला पावतीच नाही. पंधरा वर्षे त्याच गावात धुणीभांडी करून मुलगी शिकवली, तरी प्रश्न येतो, "वडिलांचे कागद कुठायत?" ज्याने कधी वहीचेही पैसे दिले नाहीत, त्याचा पत्ता शोधत ती हिंडते. तोवर पहिली यादी लागलेली असते.

१ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या नावात आईचे नाव वडिलांच्या आधी येते. छान! ती मुले कॉलेजात जाईतो २०४२ उजाडेल. आजच्या मुलींना मुलीचा शाळेचा दाखला आणि आईचे प्रतिज्ञापत्र एवढ्यावर अधिवास मिळाला पाहिजे. प्रवेश सुरू होण्याआधी प्रत्येक गटाने आपल्या तहसीलदाराकडे हे लेखी मागावे, आणि पोच घ्यावी.