गोल मारायचा की मारू द्यायचा?

माझा एक मित्र आयटीत आहे. टीममधला सगळ्यात फास्ट कोडर. या एप्रिलमध्ये त्याला टीम लीड केलं. पार्टी झाली, फेटे बांधून फोटो झाले आणि तीन महिन्यांत गडी रडकुंडीला आला. का? तर टीममधल्या कुणाचंच काम याला पटेना. रात्री अकरापर्यंत बसून सगळ्यांचा कोड हाच परत लिहायचा. टीम सहाला घरी, साहेब ऑफिसात!

टपरीवर चहा पिताना मी त्याला एका हँडबॉलवाल्याची गोष्ट सांगितली. म्हटलं, तुम्हालाही सांगावी.

गडी आइसलँडचा. नाव दागुर सिगुर्दसन, जन्म 1973 चा. सिगुर्दसन हे आडनाव नाही बरं का, त्याचा अर्थ सिगुर्दुरचा मुलगा. आपण वडिलांचं नाव मध्ये लावतो, ते शेवटी लावतात, एवढंच. अख्ख्या देशाची लोकसंख्या आपल्या कोल्हापूर शहरापेक्षा कमी, पण हँडबॉलचं वेड असं की 2008 च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये या चिमुकल्या देशानं सिल्व्हर मारलं.

हँडबॉल म्हणजे 40 बाय 20 मीटरचं कोर्ट, सात-सात खेळाडू, तीस-तीस मिनिटांचे दोन हाफ आणि हातानं गोल. दागुर त्यातला मधला माणूस, म्हणजे अटॅकची सूत्रं हलवणारा. आइसलँडचा कॅप्टन. जर्मनीत वूपरटालकडून खेळला, मग थेट जपानमध्ये हिरोशिमाला गेला.

2003 मध्ये तिशीत तो ऑस्ट्रियाच्या ब्रेगेन्झ क्लबमध्ये आला, तो प्लेअर-कोच म्हणून. स्वतः खेळायचं आणि इतरांना खेळवायचंही. आमच्या टीम लीडसारखीच पोस्ट की! फरक एवढाच, की तिथे 2004 ते 2007 सलग चार वर्षं क्लब ऑस्ट्रियाचा चॅम्पियन झाला. मग त्यानं बॉल खाली ठेवला आणि पूर्णवेळ कोचिंगच्या बाजूला गेला. फ्यूक्से बर्लिनला 2014 मध्ये जर्मन कप आणि 2015 मध्ये ईएचएफ कप मिळवून दिला. 2014 मध्ये जर्मनीच्या नॅशनल टीमची जबाबदारीही त्याच्याकडे आली.

खरी परीक्षा 2016 ची. पोलंडमध्ये युरोपियन चॅम्पियनशिप. उवे गेन्सहायमरसारखे मोठे खेळाडू आधीच जायबंदी. पहिलीच मॅच स्पेनकडून हरले. त्यात टूर्नामेंटच्या मध्यावर कॅप्टन श्टेफन वाइनहोल्डही जखमी. आपल्या ऑफिसात अशा वेळी काय होतं? ‘रिसोर्स नाहीत’ म्हणून मेल जातो! दागुरनं घरून काई हेफ्नरला बोलावून घेतलं. मूळ टीममध्ये नाव नसलेला हा माणूस. नॉर्वेविरुद्धची सेमीफायनल एक्स्ट्रा टाइममध्ये गेली आणि शेवटच्या काही सेकंदांत 34-33 करणारा गोल कुणी मारला? हेफ्नरनं! फायनलला परत स्पेनच समोर. जर्मनी 24-17 नं जिंकली आणि हेफ्नरचे सात गोल. त्याच वर्षी रिओ ऑलिंपिकमध्ये ब्राँझही आलं.

आता इथून माणूस कुठे जाईल? हा 2017 मध्ये जपानला गेला! 2019 च्या वर्ल्ड चॅम्पियनशिपमध्ये जपान 24 टीम्समध्ये शेवटचा आला. एकही मॅच जिंकली नाही. गोल्डवाल्या कोचची काय शोभा झाली असेल, विचार करा. पण तो टिकला. टोकियो ऑलिंपिकमध्ये 2021 ला जपाननं पोर्तुगालला एका गोलनं हरवलं. 2023 मध्ये जपान आशियाई पात्रता फेरी जिंकून पॅरिस ऑलिंपिकला पोचला. पात्रता मिळवून ऑलिंपिकला जायची 1988 नंतरची ही त्यांची पहिलीच वेळ.

आणि इथे ट्विस्ट. ऑलिंपिकला जेमतेम सहा महिने उरलेले असताना दागुरनं जपान सोडलं आणि तो क्रोएशियाचा कोच झाला. मला विचाराल तर टायमिंग खटकतंच. टीमला दारापर्यंत आणून सोडायचं, हे काही बरं नाही. पण जुलै 2024 मध्ये पॅरिसला क्रोएशियाची पहिलीच मॅच कुणाशी पडावी? जपानशी! क्रोएशिया कशीबशी जिंकली, 30-29. ज्या पोरांना सात वर्षं शिकवलं, त्यांनी गुरूला घाम फोडला. 2025 मध्ये त्यानं क्रोएशियाला वर्ल्ड चॅम्पियनशिपचं सिल्व्हर मिळवून दिलं. पण माझ्या मते त्याचं सगळ्यात भारी अप्रेझल त्या एका गोलाच्या फरकात झालं. तो निघून गेल्यावरही जपानची टीम उभी होती, म्हणजे काम पक्कं झालं होतं.

मित्राला म्हटलं, आठवडाभर सुट्टी टाक. फोन बंद ठेव. टीमनं तुझ्याशिवाय रिलीज काढला, तर तुझं प्रमोशन खरं.

त्यानं अजून सुट्टी टाकलेली नाही. तुम्ही टाकाल?