काचेच्या तारेलाही गज लावा!

मोजल्याशिवाय आम्ही कापडाचे पैसे देत नाही. थान उलगडतो, गज लावतो, उजेडाकडे धरून विणीतली खोट पाहतो, मगच हिशेब चुकता करतो. परंतु दुकान, गोदाम आणि कारखाना जोडणारी ऑप्टिकल फायबर केबल घेताना बाजारात ही सावधगिरी फारशी दिसत नाही. केबल टाकणारा एका टोकाला लाल दिवा लावतो, दुसऱ्या टोकाला लाल ठिपका दाखवतो आणि बिल पुढे करतो.

आमचे स्पष्ट मत आहे की, त्या ठिपक्यावर पैसे देऊ नयेत. तार सलग आहे एवढेच त्यावरून कळते. वाटेत प्रकाश किती गळाला हे कळत नाही. त्यासाठी एका टोकाला प्रकाशस्रोत आणि दुसऱ्या टोकाला पॉवर मीटर लागतो.

रीत तराजूसारखीच आहे. आधी स्रोत आणि मीटर छोट्या कॉर्डने थेट जोडून वाचन शून्यावर आणतात. मग कॉर्ड फक्त मीटरकडून सोडवून, मीटरला दुसरी चांगली कॉर्ड लावून, दोहोंच्या मध्ये केबल घेतात. आता दिसेल ती घट, डेसिबलमध्ये. ३ डेसिबल म्हणजे निम्मा प्रकाश गेला. स्रोताकडची कॉर्ड काढली तर शून्य पुन्हा लावावे. घटीऐवजी वाढ दिसली, तर काटाच खोटा समजावा.

किती घट चालेल, याचा हिशेब आधीच मांडता येतो. सिंगलमोड तारेला १३१० नॅनोमीटरवर किलोमीटरमागे ०.४, कनेक्टरच्या जोडीला ०.७५ आणि सांध्याला ०.३ डेसिबल ही कमाल धरावी. २ किलोमीटर तार, २ जोड्या, २ सांधे: ०.८ + १.५ + ०.६ = २.९. याहून जास्त आले तर आधी कनेक्टर पुसून पुन्हा मोजावे. तरीही जास्तच राहिले तर काम परत करावे. १५५० नॅनोमीटरवरही मोजून घ्यावे, कारण तार कोठे जास्त वाकली असेल तर ती खोट तेथे अधिक उघडी पडते. मात्र हा प्रकाश डोळ्यांना दिसत नाही, म्हणून टोकात कधीही डोकावू नये.

कारागीर बांधवांनाही आमचे सांगणे आहे. २०११ साली मंजूर झालेल्या आणि पुढे भारतनेट नाव मिळालेल्या योजनेमुळे ही तार ग्रामपंचायतींपर्यंत गेली. मालेगाव-भिवंडीत मागावरचा तुटका धागा सांधणारा हात काचेची तार सांधायलाही लवकर शिकेल. पण नुसत्या सांधणाऱ्याला मजुरी मिळते. मोजून, आकडा लिहून, खाली सही करणाऱ्याला भाव मिळतो. मुलांना मीटरही शिकवा.

आणि व्यापारी बांधवांनो, प्रत्येक तारेचा आकडा कागदावर येईपर्यंत बिलाची शेवटची रक्कम गल्ल्यातच राहू द्या.