फावल्या वेळाची मजुरी

गेल्या महिन्यात लखनौतल्या आम्हा मराठी घरांच्या एका बैठकीत पुण्याहून आलेल्या पाहुण्यांनी चहा संपायच्या आत कामगार संघटनांचा निकाल लावून टाकला. गृहस्थ शिकलेले, मोठ्या कारखान्यात कामगारभरतीचं खातं सांभाळून निवृत्त झालेले. त्यांचं म्हणणं असं : युनियन हा पुरुषांचा अड्डा आहे, बायकांना तिथे कधी जागा नव्हती आणि मिळणारही नाही. समान वेतनाचा कायदा झाला, बाळंतपणाच्या रजेचा झाला, छळवणुकीविरुद्धचा झाला. उरलेलं चांगल्या कंपन्या आपणहून करतील, आणि हुशार बाई आपला पगार आपण ठरवून घेईल. घरात बसून कशिदा काढणाऱ्यांचं म्हणाल, तर त्यांना मालकच नाही. फावल्या वेळात चार पैसे मिळतात, तिथे संघटना भांडणार तरी कुणाशी?

बाकीचे माना हलवत होते. मीही गप्प बसले, आणि त्या गप्प बसण्याचा राग अजून गेलेला नाही.

चांगल्या कंपन्या आपणहून काय करतात, ते त्यांच्या खात्यात तीस वर्षं बसलेल्या माणसाने आम्हाला सांगायचं होतं. एकही उदाहरण त्यांनी दिलं नाही. मीही त्यावर याहून जास्त शाई घालवत नाही.

हुशार बाईचं उत्तर माझ्याकडे घरचंच आहे. मी १९८३ साली बँकेत कारकून म्हणून लागले. माझ्याबरोबर लागलेल्या मुलाचा पगार आणि माझा पगार रुपया-पैशापर्यंत सारखा होता. मी हुशार होते म्हणून नव्हे. १९ ऑक्टोबर १९६६ ला बँकमालक आणि कर्मचारी संघटना यांच्यात पहिला द्विपक्षीय करार झाला आणि त्यानंतर एकामागून एक करार होत गेले, म्हणून. वेतनश्रेणी छापील होती, कुणालाही वाचता येत होती. साहेबाशी एकटीने बोलून पगार ठरवायची वेळ त्या कराराने माझ्यावर येऊच दिली नाही. आज माझी भाची खासगी कंपनीत आहे. शेजारच्या टेबलावरच्या मुलाला किती मिळतं ते तिला ठाऊक नाही, आणि ते विचारणंही तिथे गैर समजतात. ती माझ्याहून कितीतरी हुशार आहे. जे आकडे तिला दिसतच नाहीत, त्यांच्याविषयी ती काय बोलणी करणार?

आता पुरुषांच्या अड्ड्याविषयी. इथे पाहुण्यांचं अर्धं खरं आहे, आणि ते मी त्यांच्यापेक्षा जास्त कडवटपणे सांगू शकते. माझ्याच शाखेतल्या युनियनच्या सभा रात्री आठला असत. आम्ही चौघी जणी. चौघींच्या घरी त्या वेळी कणीक मळायची असे. मागण्यांच्या यादीत बायकांसाठी वेगळं स्वच्छतागृह सतराव्या क्रमांकावर होतं, आणि बोलणी बाराव्यावर संपली. पदाधिकाऱ्यांनी आम्हाला समजावलं, आधी सर्वांचे प्रश्न, मग बायकांचे. हे वाक्य मी पुढे इतक्या ठिकाणी ऐकलं की ते कोण बोलतंय हे बघायलाही मी मान वळवत नसे.

आणि हे माझ्या शाखेपुरतं नव्हतं. मुंबईच्या गिरण्यांत १९२६ च्या सुमारास पाच कामगारांमागे एक बाई होती, मुख्यतः वाइंडिंग आणि रीळ खात्यांत. १९२८ च्या सहा महिन्यांच्या संपात त्या रस्त्यावर होत्या. उषाबाई डांगे आणि पार्वतीबाई भोर या पुढारी त्या चळवळीने दिल्या. पण यंत्रं बदलली, खाती मोडली, तेव्हा पहिल्या घरी बसवल्या गेल्या त्या बायकाच. १९८२ चा संप आला तोवर गिरणीत शंभरात तीन-चार बायका उरल्या होत्या. पुरुषांची नोकरी वाचवण्यासाठी संघटना जितक्या जिद्दीने लढल्या तितक्या या बायकांसाठी लढल्या नाहीत. अहमदाबादला इला भट्ट यांनी मजूर महाजन या गिरणी कामगारांच्या संघटनेच्या महिला विभागातून स्वयंरोजगार करणाऱ्या बायकांची ‘सेवा’ उभी केली, आणि १९८१ मध्ये त्याच संघटनेने तिला बाहेर काढलं. मॅकिनन मॅकेन्झी या मुंबईच्या कंपनीतला खटला तर याहून बोलका आहे. तिथे स्त्री लघुलेखिकांना पुरुष लघुलेखकांपेक्षा कमी पगार होता, आणि तो ज्या तडजोडीने ठरला होता तिच्यावर युनियनची सही होती. ऑड्री डिकॉस्टा या लघुलेखिकेने दाद मागितली आणि १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की तडजोडीत लिहिलं आहे म्हणून असमान वेतन कायदेशीर ठरत नाही.

म्हणजे दोष आहे, मोठा आहे आणि जुना आहे. पण यातून पाहुण्यांनी काढलेला निष्कर्ष मला मान्य नाही. गावची पंचायत पुरुषांच्या ताब्यात होती म्हणून आपण पंचायत बंद केली नाही. १९९३ मध्ये घटनादुरुस्ती करून तिथे बायकांच्या जागा राखल्या. जिथे दर ठरतो त्या टेबलाशी बाई नाही, तर तिला तिथे बसवायला हवं. टेबलच काढून टाकलं तर दर ठरायचा थांबत नाही, फक्त एकटा मालक तो ठरवतो.

आणि आता तो मालक. ‘त्यांना मालकच नाही’ या वाक्यासाठी मी हा लेख लिहायला घेतला, बाकीचं सगळं वाटेत आलं.

पाहुण्यांनी त्याच दुपारी इथल्या चौक बाजारात घासाघीस करून चिकनच्या कशिद्याचे दोन कुर्ते घेतले होते. तो कुर्ता त्यांच्या पिशवीत कसा पोचला ते सांगते. महाजन, म्हणजे व्यापारी, कापड आणतो. दर्जी ते कापतो, शिवतो. छपाईवाला लाकडी ठशाने निळीत नक्षी उठवतो. मग गठ्ठा बांधून मधला माणूस तो ठाकूरगंजच्या, हुसैनाबादच्या गल्ल्यांत नाहीतर काकोरी-मलिहाबादकडच्या गावांत नेतो आणि घराघरांत बायकांना वाटतो. टेपची, बखिया, मुर्री, फंदा, जाली : या टाक्यांचं सगळं काम त्या घरांत होतं. तयार माल धोब्याकडे जातो, निळीचे डाग धुतले जातात, इस्त्री होते आणि कुर्ता दुकानात लटकतो. दुकानदाराने गिऱ्हाइकाला कमी केलेला रुपया तो स्वतः सोसत नाही. महाजनाला सांगतो, महाजन मधल्या माणसाला, आणि तो रुपया ज्या हाताला पुढे कुणाला सांगता येत नाही त्या हातावर येऊन थांबतो. तो हात बाईचा असतो.

कापड कुणाचं? महाजनाचं. नक्षी कुणी ठरवली? त्याने. मुदत? त्याची. दर? त्याचा. डाग पडला, धागा ओढला गेला, ईदच्या आधी माल आला नाही, तर कापून कोण घेतं? तोच. मालक म्हणजे आणखी काय असतं? कारखान्याची भिंत आणि भोंगा सोडला तर मालकपणाची एकही खूण इथे उणी नाही. भिंत मात्र बाईची आहे. भाडं ती भरते, दिवा ती लावते, सुई ती आणते, डोळे तिचे जातात. कारखाना चालवण्याचा खर्चसुद्धा मजुरावर टाकलेला हा उद्योग आहे, आणि त्यातल्या मजुराला आपण सांगतो की तुला मालक नाही.

हा युक्तिवाद नवा नाही. १९७२ मध्ये ‘सेवा’ची युनियन म्हणून नोंदणी करायला इला भट्ट गेल्या तेव्हा निबंधक कार्यालयाने हेच विचारलं होतं : तुम्हाला मालक नाही, मग भांडणार कुणाशी? त्यांनी उत्तर दिलं, की युनियन कामगारांच्या एकीसाठी असते, कुणाविरुद्ध असलीच पाहिजे असं नाही. १२ एप्रिल १९७२ ला नोंदणी झाली. इतक्या वर्षांपूर्वी ज्याचं उत्तर देऊन झालं तो प्रश्न पाहुणे आज पहिल्यांदाच सुचल्यासारखा विचारत होते.

आणि फावला वेळ! माझ्या ओळखीच्या एक आपा चौकाच्या मागच्या गल्लीत राहतात. वय माझ्याएवढंच. जालीचं काम करतात. जाली म्हणजे मलमलीचा धागा न तोडता तो सुईने बाजूला सारून भोकांची वीण उभी करायची. बल्बच्या उजेडात ती होत नाही, निदान नीट होत नाही. म्हणून सकाळी ऊन खिडकीत आलं की आपा बसतात आणि ऊन गेलं की उठतात. स्वयंपाक पहाटे होतो नाहीतर दिवे लागल्यावर. कपडे, पाणी, नातवाची शाळा, सगळं उन्हाच्या अलीकडे-पलीकडे ढकललेलं असतं. दिवसातला सगळ्यात चांगला उजेड ज्या कामाला जातो, त्याला फावल्या वेळातलं काम म्हणतात. छपाईवालाही नगावर पैसे घेतो, धोबीही नगावर घेतो. त्यांच्या कामाला कुणी फावल्या वेळातलं म्हणत नाही. त्या शब्दाने बाईची मजुरी अर्धी होते, आणि तो शब्द वापरायला महाजनाला एक पैसा पडत नाही.

असे शब्द इतरही आहेत. अंगणवाडीच्या बाईला पगार मिळत नाही, मानधन मिळतं. १९७५ पासून ती देशाची पोरं सांभाळते आहे. तिला उपदान (ग्रॅच्युइटी) लागू आहे हे सर्वोच्च न्यायालयाला २०२२ मध्ये सांगावं लागलं. महाराष्ट्रातल्या अंगणवाडीताई डिसेंबर २०२३ मध्ये संपावर गेल्या तेव्हा मी इथून रोज बातमी शोधत असे. ‘तुम्ही तर सेविका’ हे ऐकून ऐकून त्या कंटाळल्या होत्या.

आता कायदा. पाहुण्यांचा सगळा भरवसा त्याच्यावर आहे. २०२५ पर्यंत लागू असलेला १९७६ चा समान वेतनाचा कायदा वाचा : एकच काम किंवा सारख्या स्वरूपाचं काम करणाऱ्या स्त्री-पुरुषांना सारखं वेतन. चांगला कायदा होता, पण त्याला तुलनेसाठी शेजारी पुरुष लागत असे. डिकॉस्टांच्या बाजूने तो धावला, कारण त्याच कंपनीत पुरुष लघुलेखक होते. आपांच्या गल्लीत जाली काढणारा पुरुष कुठून आणायचा? अंगणवाडीत सेवक कुठे आहे? मोलकरणीच्या मजुरीची तुलना कोणत्या पुरुषाशी करणार? जे काम पूर्ण बायकांचं झालं आहे त्याचा दर किती पडला, हे मोजायची पट्टीच या कायद्यात नव्हती. तिथे दर वर आणायचा एकच रस्ता मला माहीत आहे. ते काम करणाऱ्या सगळ्या जणींनी एकाच दिवशी एकच आकडा सांगायचा.

शिवाय नुसत्या कायद्याचं आयुष्य किती असतं ते आम्ही लखनौकरांनी मे २०२० मध्ये पाहिलं. इथल्या मंत्रिमंडळाने बहुतेक कामगार कायदे तीन वर्षांसाठी बाजूला ठेवणारा अध्यादेश मंजूर केला. बायका-मुलांविषयीच्या तरतुदी कायम राहतील असं त्यात आश्वासन होतं. पण ज्या कायद्यांच्या आधाराने संघटना उभी राहते आणि तंटा नेते तेच बाजूला ठेवल्यावर त्या तरतुदी अमलात आणायला सांगणार कोण? त्याच सुमारास निघालेला बारा तासांच्या पाळीचा हुकूम मात्र आठवड्याभरात मागे घेतला गेला. कामगारांचा एक मंच उच्च न्यायालयात गेला होता म्हणून.

मग करायचं काय, असं कुणी विचारेल. पुण्यात १९८० मध्ये मोलकरणींनी आपणहून काम बंद केलं आणि त्यातून संघटना झाली; पुढच्याच वर्षी ‘युगांतर’ गटाने त्यावर ‘मोलकरीण’ हा माहितीपट केला, आणि १९८२ मध्ये निपाणीच्या तंबाखू वखारींतल्या बायकांवर दुसरा. कचरा वेचणाऱ्या बायकांची कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत १९९३ मध्ये पुण्यातच उभी राहिली आणि महापालिकेला तिची ओळखपत्रं मान्य करावी लागली. या बायकांनाही मालक नव्हता. त्यांनी आधी आपण किती जणी आहोत ते मोजलं, मग कुणाशी बोलायचं ते त्यांचं त्यांना दिसलं. इथे लखनौत रूना बॅनर्जी आणि सेहबा हुसैन यांनी १९८४ मध्ये ‘सेवा लखनौ’ काढली आणि मधला माणूस वगळून कारागीर बायकांना थेट काम देता येतं हे दाखवलं. १९८६ च्या ‘अंजुमन’ चित्रपटात शबाना आझमी चिकनवाल्या बायकांना एकत्र करते, ते याच शहरात. २००८ मध्ये चिकनला भौगोलिक ओळखीची नोंद मिळाली. कापडावरच्या कशिद्याला ओळख आहे, तो काढणाऱ्या बाईच्या दराला अजून नाही.

युनियनांकडे माझी मागणी मोठी नाही. सभा दुपारी आणि गल्लीत घ्या. बोलणी करायला बाईला पाठवा आणि सतरावं कलम पहिलं ठेवा. प्रत्येक टाक्याचा दर लिहून भिंतीवर लावा. आणि हिशेबाची चिठ्ठी बाईच्या हातात असू दे. आज तो हिशेब फक्त मधल्या माणसाच्या वहीत असतो.

बैठकीनंतर चार दिवसांनी मी आपांकडे गेले. त्यांच्या गल्लीतल्या आणखी पाच जणींना बोलावलं आणि एका टाक्याला किती वेळ लागतो ते लिहून काढू या म्हटलं. टेपचीवर सगळ्यांचं पटलं. मुर्रीवर थोडी बाचाबाची झाली. जालीचा वेळ विचारला तेव्हा प्रत्येकीने वेगळा सांगितला आणि सगळ्या एकमेकींकडे बघायला लागल्या. पुढचं काम आपल्यालाच मिळावं म्हणून प्रत्येक जण मधल्या माणसाला दुसरीपेक्षा थोडा कमी वेळ सांगत आली होती. पंचवीस वर्षं. आपा म्हणाल्या, “बीबी, कागद इथेच ठेवा.” जालीचा आकडा अजून कोरा आहे. जुम्म्याच्या दुपारी पुन्हा बसणार आहोत, आणि पलीकडच्या गल्लीतल्या बायकाही यायच्या आहेत.