कायदा आणि आपण : शेत आपले, पण ते नेमके कोणते?



एका भगिनीचे पत्र आले आहे. सासऱ्यांच्या वतनी जमिनीतील 18 गुंठे शेजाऱ्याने बांध फोडून आत घेतले. दिवाणी कोर्टात दावा 6 वर्षे चालला आणि फेटाळला गेला. ताई विचारतात, "मालकी आमची, असे न्यायाधीशांनीच लिहिले आहे. मग आम्ही हरलो कसे?"

निकालाची नक्कल त्यांनी सोबत पाठवली हे बरे केले. उत्तर त्यातच आहे. मालकी शाबीत झाली. पण शेजाऱ्याच्या ताब्यातील ते 18 गुंठे ताईंच्याच गटातले आहेत, हे शाबीत झाले नाही.

आपल्या समाजाच्या जमिनींत हा घोटाळा वारंवार होतो. 1928 साली बाबासाहेबांनी मुंबई कौन्सिलात वतनाचे बिल मांडले. ते पार पडले नाही. पुढे 1958 च्या कायद्याने कनिष्ठ गाव वतने नष्ट झाली. आकाराच्या तिप्पट रक्कम भरणाऱ्याला जमीन नवीन शर्तीवर परत मिळाली. त्या हुकुमात सर्व्हे नंबर आणि एकर-गुंठे आहेत. नंतर एकत्रीकरण झाले, गट नंबर पडले आणि सातबारा हेक्टर-आरमध्ये आला. जुना नंबर कोणत्या गटात गेला, हे जोडून दाखवणारा कागद मात्र आपल्या ट्रंकेत नसतो. तो भूमी अभिलेख कार्यालयातून काढावा लागतो.

ताईंच्या दाव्यात चतुःसीमा जुन्या कागदावरून उतरवल्या आहेत. पूर्वेला ओढा, पश्चिमेला वाडीची वाट, उत्तरेला एका मयत गृहस्थाचे शेत. ओढ्याने पात्र बदलले, वाट नांगरली गेली. अशा सीमांवरून अमीन ताबा कसा देणार? दिवाणी प्रक्रिया संहितेत स्पष्ट सांगितले आहे (आदेश 7, नियम 3) की, जमीन ओळखता येईल असे वर्णन दाव्यात हवे आणि सर्व्हेचे नंबर किंवा हद्दी असतील तर त्याही हव्यात. अतिक्रमण म्हटले की मोजणी करून नकाशा हवा. आपण होऊन करा, नाहीतर आदेश 26, नियम 9 खाली कोर्ट कमिशनर मागा. ताईंच्या वकीलसाहेबांनी दोन्ही केले नाही. सातबारा दाखल केला आणि पुरे झाले म्हणाले! सातबाऱ्यातील नोंद उलट शाबीत होईपर्यंत खरी धरतात, एवढेच. तो मालकीचा दस्तऐवज नव्हे आणि बांध कुठे आहे हे तर तो सांगतच नाही.

आता अपील. जिल्हा न्यायालयातील पहिल्या अपिलात पुरावा आणि कायदा दोन्ही पुन्हा तपासले जातात. हायकोर्टातील दुसऱ्या अपिलात कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच ऐकतात. तिथे बांधाचा वाद सहसा पुन्हा उघडत नाही. म्हणून ताई, तुमची खरी लढाई याच पायरीवर आहे. अपिलासोबत कमिशनर नेमण्याचा अर्ज द्या. हुकुमाची प्रत आणि एकत्रीकरणाचा उतारा दाखल करायला आदेश 41, नियम 27 खाली परवानगी मागा. आधी का दिले नाही, असे कोर्ट विचारेल. ही परवानगी हक्काने मिळत नाही, कारण पटवावे लागते. दाव्यातील वर्णन दुरुस्त करण्याचाही अर्ज जोडा.

मुदत 30 दिवसांची आहे. नकलेचा अर्ज दिल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचे दिवस त्यातून वगळतात. तुमच्या नकलेवरील शिक्के मोजले, तर 9 दिवस उरतात. वकिलाच्या फीची चिंता नको. विधी सेवा कायद्याच्या कलम 12 खाली स्त्रियांना आणि अनुसूचित जातींना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. 1990 पासून आपण बौद्धही त्या यादीत आहोत. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय आहे. सोमवारीच जा. आणि मोजणीची नोटीस आली की थोरल्या मुलाला घेऊन शेतात स्वतः हजर राहा. खुणा तुमच्या डोळ्यांदेखत पडू द्या आणि नकाशाची प्रत मागून घ्या.