चालतं का, हे विचारा

रविवारी आमच्या सोसायटीत डबा पार्टी झाली. प्रत्येक घरातून एक पदार्थ, असा नेहमीचा बेत. टेबलावर सगळ्यात मोठं भांडं सॅलडचं होतं. काकडी, गाजर, कोबी, मक्याचे दाणे आणि वर पांढरंशुभ्र दाट ड्रेसिंग. शेजारच्या इमारतीतली पाचवीतली मुलगी ताटली घेऊन त्या भांड्यापाशी थांबली. तिला दुधाची ॲलर्जी आहे. तिनं विचारलं, "काकू, यात दही आहे का?" काकू प्रेमानं म्हणाल्या, "नाही गं, मेयोनीज आहे, तेही एगलेस. अगदी शाकाहारी." मुलीच्या आईनं बाटली मागून घेतली. हिरवा ठिपका होता, 'एगलेस' ठळक अक्षरांत होतं, आणि मागच्या बाजूला बारीक टाइपात दुधाची भुकटी होती. आईनं मान हलवली. त्यावर दुसऱ्या एक काकू म्हणाल्या, "अहो, भुकटी ती कितीशी असणार? थोडंसं चालतं. आमच्या वेळी कुठे होत्या ॲलर्ज्या?" मुलीनं घरून आणलेला डबा उघडला आणि ती मैत्रिणींमध्ये जाऊन बसली. मला त्या वाक्याचा राग आला आणि तो अजून उतरलेला नाही.

आधी माहितीचं सांगून टाकते. दूध न पचणं आणि दुधाची ॲलर्जी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दूध न पचणाऱ्याला लॅक्टोज ही दुधातली साखर त्रास देते. दह्यात ती थोडी कमी झालेली असते, म्हणून अशा पुष्कळांना दही सोसतं. ॲलर्जी दुधातल्या प्रथिनांची असते. ती प्रथिनं दह्यात, ताकात, पनीरमध्ये, भुकटीत, सगळीकडे असतात, आणि ॲलर्जी तीव्र असेल तर चमचाभरानंही अंगावर पित्त उठतं, घसा सुजतो, श्वास अडतो. हिरव्या ठिपक्याचा याच्याशी काही संबंध नाही, कारण आपल्याकडे दूध शाकाहारीच धरतात. 2022 मध्ये व्हीगन पदार्थांसाठी वेगळे नियम आले, त्यांचं चिन्हही वेगळं आहे. पण ॲलर्जी असलेल्यानं पाहायची ती ॲलर्जीची सूचना. दूध, अंडं, शेंगदाणे, सोयाबीन यांसारखे घटक असतील तर ते पाकिटावर सांगणं कायद्यानं बंधनकारक आहे. बाटली हातात घेतली की आधी ती उलटी करा.

आता रागाचं. आपण पाहुण्यांच्या खाण्याची काळजी न घेणारी माणसं असतो तर मी गप्प बसले असते. पण आपण किती बारकाईनं विचारतो! एकादशीला कुणी येणार असेल तर वरईला तेलाची फोडणी चालेल की तुपाची, हे आधी विचारतो. अमक्यांच्या घरी उपासाला कोथिंबीर चालते, तमक्यांकडे चालत नाही, कुणाला साधं मीठ चालत नाही, सैंधवच लागतं, हे आपल्याला वर्षानुवर्षं पाठ असतं. जैन शेजारी जेवायला येणार म्हटलं की कांदा, लसूण, बटाटा यांशिवायचा स्वयंपाक होतो. त्यासाठी वेगळं पातेलं, वेगळा डाव निघतो. त्या वेळी कुणी म्हणत नाही, "थोडासा लसूण चालतो हो." दुसऱ्याच्या व्रताला आपण जपतो, ही आपली फार चांगली सवय आहे. तीच सवय एका मुलीच्या श्वासासाठी का उपयोगी पडू नये?

व्रत मोडलं तर माणूस हळहळतो, प्रायश्चित्त घेतो. या मुलीच्या आईला मात्र पर्समध्ये औषध घेऊन हिंडावं लागतं, आणि प्रत्येक वाढदिवसाला, प्रत्येक मुंजीला आपण उगाच बाऊ करत नाही आहोत हे लोकांना पटवून द्यावं लागतं. मोठ्यांच्या 'थोडंसं चालतं'मुळे हळूहळू ते मूलच लाजायला लागतं. विचारणं नको, त्यापेक्षा न खाल्लेलं बरं, असं त्याला वाटू लागतं. मला सगळ्यात जास्त वाईट याचं वाटतं. पंगतीत बसलेल्या मुलाला आपल्यापुढचं ताट सगळ्यांसारखंच आहे असं वाटलं पाहिजे. हे काम यजमानाचं आहे, आईचं नाही.

आणि हे अवघड असतं तर गोष्ट वेगळी. दूध, दही, साय, चीज यांतलं काहीही न घालता दाट, गुळगुळीत ड्रेसिंग घरी पंधरा मिनिटांत होतं. सोमवारी मी ते करून दोन्ही काकूंना वाटीवाटी देऊन आले. कृती अशी. अर्धी वाटी शेंगदाणे मंद आचेवर खमंग भाजा, सालं काढा. ते कोमट असतानाच मिक्सरच्या लहान भांड्यात कोरडेच फिरवा. आधी कूट होईल. थांबू नका, कडेचं खाली ढकलत फिरवत राहा, म्हणजे तेल सुटून गोळा होईल आणि मग तो सैल होईल. आता चमच्याचमच्यानं गरम पाणी घाला. पहिल्या एकदोन चमच्यांना ते एकदम घट्ट होतं. बिघडलं असं वाटतं, पण बिघडलेलं नसतं. आणखी पाणी घालत गेलात की ते सैल होतं आणि रंगानं फिकट, चकचकीत होतं. मग लसणाची एक पाकळी, मीठ, मिरपूड, चिमूटभर गूळ, आणि शेवटी अर्ध्या लिंबाचा रस.

एक गोष्ट मात्र विसरू नका: अर्धा चमचा फेसलेली मोहरी. लोणच्यासाठी आपण मोहरी पाण्यात फेसतो, ती नाकात जाईपर्यंत, तशीच. मोहरीचा तिखटपणा तिची पूड आणि पाणी एकत्र आल्यावर तयार होतो आणि आंबटामुळे तो अडतो, म्हणून लिंबू पिळायचं ते मोहरी फेसून झाल्यावर. तिचा दुसरा गुण असा की तिच्यातला चिकट अंश तेल आणि पाणी यांना एकमेकांपासून वेगळं होऊ देत नाही. बाहेरच्या ड्रेसिंगमध्येही मोहरी असते ती निव्वळ चवीसाठी नव्हे.

दाटपणा येतो कुठून, हे समजलं की हवं ते घेऊन ड्रेसिंग करता येतं. दुधात स्निग्धांशाचे बारीक थेंब पाण्यात तरंगतात आणि प्रथिनं त्यांना एकत्र गोळा होऊ देत नाहीत. शेंगदाण्यात जवळजवळ निम्मं तेल आणि पावभर प्रथिनं असतात, म्हणून तेही तसंच वागतात. काजूत पिष्टही असतं, त्यामुळे काजूचं वाटण ठेवल्यावर आणखी घट्ट होतं. काजू अर्धा तास गरम पाण्यात भिजवून वाटायचे. कोकणात आणि गोव्यात नारळाचं दाट दूध आहेच. सोलकढी पिऊन मोठ्या झालेल्या माणसाला दुधाशिवायचा दाटपणा वेगळा शिकवावा लागत नाही. कुणाला शेंगदाण्याची किंवा काजूचीच ॲलर्जी असेल तर भोपळ्याच्या किंवा सूर्यफुलाच्या बिया घ्या. तीळही चांगले, पण तिळाचीही ॲलर्जी असते, तेव्हा विचारूनच. यांतलं काहीही केलंत तरी घट्ट झाकणाच्या बरणीत, फ्रीजमध्ये, तीन दिवसांपर्यंतच ठेवा. सॅलडमध्ये मिसळायचं ते वाढण्याच्या वेळी, नाहीतर काकडीला मिठाचं पाणी सुटतं आणि सगळी मेहनत पातळ होते.

मी स्वतः मात्र काजूपेक्षा शेंगदाण्याकडे वळते. माझ्या डब्यात दाण्याचा कूट नाही असा दिवस या सदराच्या वाचकांना आठवणार नाही. खमंग काकडी घ्या. चोचवलेली काकडी, कूट, ओलं खोबरं, मिरची, लिंबू आणि वर जिऱ्याची फोडणी. फोडणी तेलाची केली की त्यात दुधाचा थेंब नाही, आणि तरी ती खाताना काही कमी आहे असं कुणाला वाटलेलं नाही. जी दाटी आणायला आपण बाटली विकत आणतो, ती आपल्या कोशिंबिरीत कूट कितीतरी वर्षं आणतो आहे.

शेंगदाणा मूळचा दक्षिण अमेरिकेतला, पण महाराष्ट्रानं त्याला इतकं आपलंसं केलं की आपल्या प्रयोगशाळांनी त्याच्यावर आयुष्यं घातली. तुर्भ्याच्या भाभा अणुसंशोधन केंद्रात शास्त्रज्ञांनी बियाण्यावर किरणांचा मारा करून भुईमुगाचे नवे वाण तयार केले. अकोल्याच्या कृषी विद्यापीठासोबत त्यांनी आणलेला टीएजी 24 हा वाण शेतकऱ्यांच्या तोंडी अजूनही आहे. त्या नावातल्या पहिल्या दोन अक्षरांत तुर्भे आणि अकोला आहेत. जळगावच्या संशोधन केंद्रातून जेएल 24 म्हणजे फुले प्रगती आला. अणुभट्टी आणि कोशिंबीर यांच्यात इतकं थोडं अंतर आहे, याचा मला मनापासून अभिमान वाटतो.

याच प्रेमापोटी एक कडक सूचना. शेंगदाणे नीट निवडा. 1960 मध्ये इंग्लंडमध्ये एक लाखाहून अधिक टर्की पक्षी मेले. शोध घेतल्यावर दोष त्यांच्या खाद्यातल्या शेंगदाण्याच्या पेंडीत सापडला. पेंडीला बुरशी लागली होती आणि तिनं विष तयार केलं होतं. त्याला अफ्लाटॉक्सिन हे नाव तेव्हा मिळालं. ते यकृताला घातक आहे, आणि घरच्या भाजण्यानं ते पूर्ण जात नाही. म्हणून सुरकुतलेला, काळवंडलेला, बुरशीचा वास येणारा दाणा बाजूला काढा आणि फेकून द्या. खाताना कडू लागला तर थुंका. सुटे दाणे घेताना मूठभर हातात घेऊन वास घ्या. दुकानदाराला काय वाटेल याचा विचार करू नका. पावसाळ्यात महिन्याभराचा कूट एकदम करून ठेवू नका. दाणे कोरड्या डब्यात ठेवा आणि लागेल तसा कूट करा. खवट कुटानं ड्रेसिंगच काय, आमटीही वाया जाते.

दोन्ही काकूंचा मंगळवारी फोन आला. एकीनं दाण्याच्या ड्रेसिंगमध्ये पुदिना वाटला, दुसरीनं हिरवी मिरची आणि आलं. दुसऱ्या काकूंनी स्वतःहून ठरवलं की पुढच्या डबा पार्टीच्या ग्रुपवर 'काय आणणार' याच्यासोबत 'तुम्हाला काय चालत नाही' हाही प्रश्न असेल, आणि प्रत्येक भांड्यापुढे घटकांची चिठ्ठी लागेल. मी त्यात एकच भर घातली. एका पदार्थातला डाव दुसऱ्यात जाऊ द्यायचा नाही, कारण दह्याच्या भांड्यातला चमचा बाकीची सगळी खबरदारी फुकट घालवतो.

आता वाचकांकडे मागणं. विदर्भात, खानदेशात, मराठवाड्यात, घाटावर आणि तळकोकणात दह्याशिवायच्या कोशिंबिरी, पचड्या आणि चटण्या भरपूर आहेत. जवस, कारळे, खोबरं, तीळ यांची वाटणं घराघरांत वेगळी आहेत. तुमच्या घरची कृती मापांसकट लिहून पाठवा, आणि ती कोणत्या ॲलर्जीवाल्याला चालणार नाही तेही लिहा. आलेल्या कृती एकत्र छापून मी आमच्या सोसायटीत वाटणार आहे, आणि जागा मिळाली तर या सदरातही देईन.